किल्लारी_जीव्ही : एका माहितीपटातल्या चुकीच्या दृश्यांचं प्रकरण

पार्श्वभूमी

हे प्रकरण एका मराठी वृत्तवाहिनीतल्या निर्मातीचं आहे. वाहिनी, माणसं आणि गाव यांची नावं दिलेली नाहीत, ओळख पटेल असे काही तपशील बदलले आहेत. माहितीपट होता १९९३ च्या किल्लारी भूकंपावर, आणि भूकंपाविषयीची माहिती मात्र नोंदींतली आहे. संहिता बाहेरच्या नजरेनं वाचून देण्याचं काम माझ्याकडे होतं. त्यामुळे काही निर्णय माझ्यासमोर झाले, काही फोनवर कळले.

निर्माती आउटपुट डेस्कवर, म्हणजे बातम्या पडद्यावर नेणाऱ्या विभागात, वाढलेली. आधी कॉपी लिहिणं, मग सकाळचं बुलेटिन, मग प्राइम टाइमचा रनडाऊन, म्हणजे बुलेटिनमधल्या बातम्यांचा क्रम. रनडाऊन सांभाळणाऱ्याच्या अंगात एक क्रम मुरतो, मजकूर आधी आणि चित्र नंतर. अँकर वाचणार ती चार वाक्यं झाली की ‘व्हिज्युअल काय आहेत?’ असं ओरडून विचारायचं आणि सर्व्हरवर सापडेल ते टाकायचं. महागाई म्हटली की भाजीबाजार, दुष्काळ म्हटला की भेगाळलेली जमीन. ती जमीन कुठली, कोणत्या सालची, हे कुणी विचारत नाही. पडदा रिकामा राहू नये एवढंच त्या दृश्याचं काम असतं.

इतिहासाकडे ती वळली वर्षपूर्तीच्या वाटेनं. ११ डिसेंबर १९६७ च्या कोयना भूकंपाला पन्नास वर्षं झाली तेव्हा अर्ध्या तासाचा विशेष कार्यक्रम तिच्या गळ्यात पडला. पुढे १९७२ च्या दुष्काळावर तिनं स्वतःहून प्रस्ताव दिला. या दोन्ही विषयांत हलतं चित्र जवळजवळ नव्हतंच. मुंबई दूरदर्शनच मुळात २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झालं. म्हणून तिनं वर्तमानपत्रांच्या फायली, सरकारी छायाचित्रं आणि दुष्काळी कामांवर खडी फोडायला गेलेल्या माणसांच्या आठवणी यांवर काम केलं. चित्र नसल्यानं प्रत्येक फोटोखालची ओळ ती दोनदा तपासत होती. ऑफिसात ती ‘इतिहासवाली मॅडम’ झाली, तरी वार्षिक मूल्यमापन बुलेटिनच्या आकड्यांवरच होत राहिलं. माहितीपट म्हणजे रोजचं काम सांभाळून करायची हौस, अशी वरच्यांची समजूत होती.

तिसरा विषय किल्लारीचा, तिसाव्या स्मृतिदिनासाठी. या वेळी ती निर्धास्त होती, कारण सर्व्हरवर ‘किल्लारी_जीव्ही’ नावाची बरीच मोठी फाइल होती. जीव्ही म्हणजे जनरल व्हिज्युअल्स.

माहितीपटाचा गाभा तिनं चांगला निवडला होता. ३० सप्टेंबर १९९३ ला पहाटे ३ वाजून ५६ मिनिटांनी भूकंप झाला. आदल्या दिवशी अनंत चतुर्दशी होती, विसर्जन करून लोक उशिरा झोपले होते. ६.२ च्या आसपासचा भूकंप जगाच्या हिशेबात फार मोठा नाही. मग इतकी माणसं का गेली? एक तर तो उथळ होता. दुसरं म्हणजे घरं. दोन-तीन फूट जाडीच्या दगडी भिंती, दगड बसवलेले मातीत, आणि वर लाकडी खणांवर पांढऱ्या मातीचे थरांवर थर दिलेलं माळवद. उन्हाळ्यात गार राहणारं हे घर हादरा बसताच आतल्या माणसांवर आलं. ज्यांच्याकडे असं घर बांधण्याची ऐपत नव्हती, जे कुडाच्या किंवा पत्र्याच्या खोपटात राहत होते, त्यांच्यातले अनेक वाचले. त्यातच हा भाग तेव्हाच्या भूकंपप्रवणता नकाशात सर्वांत कमी धोक्याच्या झोन एकमध्ये होता. आदल्या वर्षी, १९९२ मध्ये, किल्लारी परिसराला धक्क्यांवर धक्के बसले होते. तरी नकाशा नकाशाच्या जागी राहिला. २००२ मध्ये झोन एक रद्द झाला आणि हा पट्टा तीनमध्ये गेला.

थोडक्यात, घर कसं बांधलं होतं हेच या माहितीपटाचं म्हणणं होतं. पुढचा सगळा घोळ समजायला हे लक्षात ठेवावं लागेल.

अडचण

रफ कट, म्हणजे पहिलं कच्चं संकलन, चालू असताना व्हिडिओ एडिटर थांबला. हा मुलगा त्याच पट्ट्यातला, आजोळ माळवदाच्या घराचं. निवेदन माळवदावर होतं, आणि त्यावर त्यानं फाइलमधलं वाहिनीचं सर्वांत प्रसिद्ध दृश्य लावलं होतं. ढिगाऱ्यापुढे बसलेली, डोक्यावरून शाल घेतलेली म्हातारी, कपाळाला हात. दर ३० सप्टेंबरला हे दृश्य बुलेटिनमध्ये जायचं. नव्या माहितीपटाच्या प्रोमोतही तेच होतं, आणि प्रोमो ऑन एअर गेलेला होता.

“मॅडम, ही कौलं कुठून आली?” एडिटर म्हणाला.

ढिगाऱ्यात खरोखरच कौलं होती, फुटकी, तांबडी, भरपूर. किल्लारीच्या पट्ट्यात बहुतेक घरांना माळवद. एखाद्या घराला कौलं असूही शकतात, म्हणून निर्मातीनं लगेच निष्कर्ष काढला नाही. तिनं फाइल फ्रेम-फ्रेमनं पाहायला घेतली. हे काम रनडाऊनवर कधी करावंच लागलं नव्हतं.

काय काय निघालं ते पाहण्यासारखं आहे. मागे उभ्या पोरांच्या अंगात स्वेटर होते, सप्टेंबरअखेर मराठवाड्यात स्वेटर कोण घालतं? जमीन कोरडी होती आणि धूळ उडत होती. किल्लारीला भूकंपानंतर पाऊस लागला होता, बचावकार्य चिखलात चाललं होतं, आणि त्याच फाइलच्या पहिल्या भागात तो चिखल स्पष्ट दिसत होता. शेवटी एका टेम्पोची अर्धवट पाटी सापडली, जीजे-१२. म्हणजे कच्छ.

टेम्पोची पाटी दिसताच एडिट बेमध्ये सगळ्यांना वाटलं, सुटलं कोडं. निर्माती म्हणाली, नाही. किल्लारीला मदत घेऊन गुजरातहून गाड्या आल्याच नसतील असं कशावरून? एकटी पाटी काही सिद्ध करत नाही, एकटी कौलंही नाहीत. पण पाटी, कौलं, स्वेटर आणि कोरडी धूळ एका जागी आली की २६ जानेवारी २००१ च्या भूज भूकंपाशिवाय दुसरं उत्तर उरत नाही. मला विचाराल तर या प्रकरणातला तिचा सर्वांत पक्का क्षण हा. सोयीचा पुरावा हाती आला असतानाही ती थांबली.

मग प्रश्न आला की हे झालं कसं. १९९३ साली मराठीत बातम्या देणारी खासगी वाहिनीच नव्हती. म्हणजे वाहिनीनं स्वतः चित्रित केलेलं किल्लारीचं फुटेज असणंच शक्य नव्हतं. जे काही होतं ते कुठून तरी आलेलं. इतका सरळ हिशेब इतक्या वर्षांत कुणी मांडला नव्हता. टेप लायब्ररीतल्या निवृत्त माणसाला फोन लावला तेव्हा उलगडा झाला. भूजच्या वेळी समूहाच्या जुन्या बातमीपत्रासाठी ‘किल्लारी ते भूज’ अशी तुलनेची स्टोरी झाली होती. तिच्यासाठी एका बीटा टेपवर आधी किल्लारी आणि मागोमाग भूज अशी दृश्यं जोडली गेली. टेपच्या पाठीवर लिहायला जागा थोडी. डिजिटायझेशन करणाऱ्या एजन्सीच्या मुलांनी पहिला शब्द वाचला आणि तेच फाइलचं नाव झालं. कुणी खोटं बोललं नव्हतं. दृश्याकडे न पाहता फक्त नाव वाचत गेले, एवढंच.

प्रसारणाला तेव्हा दोन आठवडेही उरले नव्हते.

समोर असलेले पर्याय

बैठकीत पहिला पर्याय आला कार्यकारी संपादकांकडून. दृश्य ठेवा, वर ‘फाइल दृश्य’ किंवा ‘प्रातिनिधिक’ असा सुपर, म्हणजे पडद्यावरची ओळ, टाका. रोजच्या बातम्यांत हे सर्रास चालतं आणि कायद्यानं फारसं कुणी धरत नाही. निर्मातीचा आक्षेप होता तो तत्त्वापेक्षा व्यवहाराचा. निवेदक ‘माळवद’ म्हणतोय आणि पडद्यावर कौलं पडलीत, तर ज्याला घर कळतं त्याच्या लेखी अख्खा माहितीपट तिथेच संपतो. शिवाय म्हातारीच्या दुःखाला प्रातिनिधिक म्हणणं तिला पटत नव्हतं. ती बाई कुणाची तरी आहे, कच्छमध्ये तिचं गाव आहे.

मार्केटिंगकडून दुसरा पर्याय आला, एआयवर दृश्यं बनवून घ्यायचा. दोन दिवसांत होईल, हवं तसं माळवद पडताना दाखवता येईल. यावर चर्चा फार झाली नाही. चुकीचं खरं दृश्य काढून तिथे बनावट दृश्य घालायचं, हे ऐकल्यावर एडिटरच हसायला लागला.

तिसरा पर्याय म्हणजे ज्यांच्याकडे १९९३ चं अस्सल फुटेज आहे अशा संग्रहांकडून हक्क विकत घेणं. हा खरा रस्ता होता, पण अर्ज, मंजुरी, कॉपी आणि सेकंदांच्या हिशेबानं पैसे असा त्याचा वेग. अर्ज केला गेला, उत्तर प्रसारणानंतर आलं.

पुढे ढकलणं हा चौथा. वर्षपूर्तीच्या कार्यक्रमाला ही सवलत नसते. १ ऑक्टोबरला किल्लारीचा माहितीपट कुणालाच नको असतो, प्रायोजकाला तर नाहीच. निर्मातीनं तो सुचवलाही नाही. इथे माझा तिच्याशी मतभेद आहे, त्याकडे पुढे येतो.

राहिला पाचवा. जे सिद्ध करता येत नाही ते सगळं काढायचं, उरेल तेवढ्यात माहितीपट करायचा. चव्वेचाळीस मिनिटांपैकी मोठा भाग असा उघडा पडला. तिनं हाच घेतला.

काय केलं

आधी प्रोमो उतरवला. त्यासाठी तिला तीन माणसांच्या सह्या लागल्या आणि नवा प्रोमो त्याच रात्री द्यावा लागला. तो केवळ काळ्या पडद्यावर एका वृद्धाच्या आवाजाचा होता, आणि मला तरी जुन्यापेक्षा उजवा वाटला.

मग जीव्ही फाइलचा पहिला भाग, जो किल्लारीचा असावा, तोही गृहीत धरायचा नाही असं ठरलं. भूकंपानं झोडपलेला पट्टा लातूर आणि तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यात पसरलेला, पूर्ण पुनर्वसन झालेली गावंच ५२. ‘किल्लारी’ म्हणून दाखवलेलं दृश्य दुसऱ्याच गावाचं असू शकत होतं. फ्रेमचे छापील फोटो काढून ती आणि कॅमेरामन त्या भागात गेले.

इथे प्रकरणाला अनपेक्षित वळण लागलं. एका पुनर्वसित गावात तिनं फोटो पुढे ठेवले. मुद्दाम, सगळे मिसळून. बहुतेक फोटोंवर लोक नेमकं बोलले: हा वेशीचा दगड, ही अमक्याची गढी, हे आमचं नाही. पण म्हातारीचा फोटो आला तेव्हा एक आजोबा ठामपणे म्हणाले, “ही आमच्या गल्लीतली. मी हिला बाहेर काढलं.” बाजूची बाई हळूच म्हणाली, “न्हाई ओ ताई. ही टीव्हीतली हाय. दरसाल दावतेत की तुम्ही.”

दर ३० सप्टेंबरला वाहिनीनं ते दृश्य दाखवलं होतं, आजोबांनी दर वर्षी ते पाहिलं होतं, आणि त्यांच्या खऱ्या आठवणीत ती परकी म्हातारी येऊन बसली होती. आजोबा खोटं बोलत नव्हते. त्यांनी त्या पहाटे माणसं बाहेर काढली होती, हे इतर तिघांनी वेगवेगळं सांगितलं. चुकीचं फुटेज फक्त पडद्यावर राहिलं नव्हतं, साक्षीदारापर्यंत पोहोचलं होतं. आणि त्याच साक्षीदाराकडून वाहिनी दर वर्षी ‘बाइट’ घेऊन जात होती.

त्यांना तिथल्या तिथे सांगायचं का? कॅमेरा चालू होता. निर्मातीनं तो बंद करायला सांगितला आणि विषय बदलला. आजोबांच्या मुलाखतीतला तेवढा भाग वगळायचा, बाकीचा इतरांशी ताडून घ्यायचा असं तिनं ठरवलं. ताडण्यासाठी गावकऱ्यांकडूनच जुन्या गावाचा नकाशा कागदावर काढून घेतला: कुणाचं घर कुठे, बोळ कुठून, मारुतीचं देऊळ कुठे. जुन्या गावठाणावर आता वेड्या बाभळी माजल्या आहेत, पण जोती दिसतात. नकाशा हातात घेऊन ती आजोबांबरोबर त्या जोत्यांवरून फिरली, आणि माहितीपटाचा सर्वांत लांब, सलग प्रसंग तोच झाला. ‘तुम्हाला काय वाटलं?’ या प्रश्नाला त्यांच्याकडे वर्षानुवर्षांचं घोटलेलं उत्तर होतं. ‘दार कुठल्या बाजूला उघडायचं?’ याला नव्हतं. तिथे ते थांबले, वळले, हातानं दाखवायला लागले आणि कधीच न सांगितलेलं सांगू लागले. बातमीदारांनी ही युक्ती उचलावी. वारंवार मुलाखत दिलेल्या माणसाला भावना विचारू नका, जागा विचारा.

याच फेरीत कॅसेट मिळाली. शेजारच्या गावी लग्नाचं शूटिंग करणारा एक व्हिडिओवाला होता, आता हयात नाही. विसर्जनाची मिरवणूक त्यानं व्हीएचएसवर चित्रित केली होती. मुलाकडे ती कॅसेट होती. कोपऱ्यात २९ सप्टेंबर १९९३ ची तारीख उमटलेली. टेपला बुरशी लागली होती. जिल्ह्याच्या ठिकाणी एका जुन्या व्हिडिओ दुकानदारानं ती उघडून, पुसून, दुसऱ्या कवचात बसवली, आणि थरथरतं चित्र स्थिर करणारा टाइम बेस करेक्टर लावून वाहिनीच्या अभियंत्यानं ती उतरवून घेतली. हलगी, गुलाल, खांद्यावर पोरं, दारात उभ्या बायका. आणि त्यांच्या मागे, मिरवणुकीच्या गॅसबत्त्यांच्या उजेडात, उभी घरं! जाड भिंती, अरुंद दारं, वर माळवद. ढिगारे अनेकांनी दाखवले आहेत, पण पडण्यापूर्वीचं गाव हलत्या चित्रात कुणी पाहिलं होतं? ज्या प्रश्नावर माहितीपट उभा होता त्याचं दृश्य उत्तर तिथे होतं.

साहजिकच ऑफिसात सगळे उडाले. ‘मृत्यूपूर्वीची शेवटची रात्र’ असा मथळासुद्धा कुणी तरी सुचवून गेला.

निर्मातीनं आधी ही कॅसेटही जीव्ही फाइलसारखीच तपासली. कॅमेऱ्याचं घड्याळ चुकीचं असू शकतं, म्हणून तारखेवर विश्वास न ठेवता मंडळाच्या फलकावरचं साल आणि लोकांची ओळख, दोन्ही जुळवलं. मग हक्क. आपल्या कायद्यात चित्रफितीचा स्वामित्वहक्क प्रकाशनानंतर साठ वर्षं टिकतो, आणि ही तर कधी प्रकाशितच झाली नव्हती. मुलाशी लेखी करार झाला, मोबदला ठरला, मूळ कॅसेट त्याच्याकडेच राहिली.

खरा प्रश्न चेहऱ्यांचा होता. त्यातले किती तरी लोक काही तासांतच गेले होते. त्यांच्या माणसांना न विचारता ते दाखवायचं? म्हणून नव्या गावातल्या समाजमंदिरात कॅसेट आधी गावाला दाखवायचं ठरलं. लोक अपेक्षेपेक्षा खूप जास्त आले. काही जण नावं घेऊन ओरडत होते, दोघी-तिघी बायका उठून बाहेर गेल्या, एका माणसानं बंद करा म्हणून सांगितलं आणि दुसऱ्यानं त्याला गप्प केलं. शेवटी नियम असा ठरला: लांबचे शॉट वापरायचे, ओळखू येणारा चेहरा असेल तर घरच्यांची संमती हवी. बहुतेकांनी दिली. एका कुटुंबानं नाही म्हटलं. त्यांच्या मुलीचा शॉट सर्वांत सुंदर होता, अर्थात. धूसर करून वापरू असं संपादकांनी सुचवलं. निर्मातीनं तो पूर्ण कापला.

बाकी निर्णय चटकन झाले. मृतांचा आकडा सरकारी नोंदीत ७,९२८ आहे, आंतरराष्ट्रीय भूकंपसूच्यांत ९,७४८ दिसतो. डेस्कला गोल ‘दहा हजार’ हवा होता. निवेदनात दोन्ही आकडे कुणाचे ते सांगून गेले. जुनं फुटेज चौकोनी पडद्याचं असतं, ते नव्या रुंद पडद्यावर ताणलं की माणसं बुटकी आणि घरं बसकी दिसतात. ते ताणायचं नाही, बाजूला काळ्या पट्ट्या राहू द्यायच्या. एमसीआरमधून, म्हणजे प्रसारणाच्या नियंत्रण कक्षातून, दोनदा फोन आला की चित्र बिघडलंय.

सर्वांत अवघड राहिला कबुलीचा मुद्दा. इतकी वर्षं भूजचं दृश्य किल्लारी म्हणून दाखवलं हे प्रेक्षकांना सांगायचं की नाही? निर्मातीनं माहितीपटातच मिनिटभराचा भाग लिहिला होता: ते दृश्य, ती कौलं, ती पाटी. मी वाचलेल्या संहितेत तो होता आणि उत्तम होता. व्यवस्थापनानं तो काढायला लावला. स्मृतिदिनाच्या दिवशी वाहिनीनं स्वतःची चूक सांगत बसू नये, हे कारण. तडजोड म्हणून शेवटच्या श्रेयनामावलीत दोन ओळींचा मजकूर गेला. तो वाचायला जेमतेम वेळ मिळतो.

निष्पत्ती

माहितीपट ठरल्या दिवशी गेला. प्रेक्षकसंख्या बेताची होती, आधीच्या दोहोंपेक्षा फार वेगळी नाही. पण तो यूट्यूबवर टिकला. स्थापत्य शिकवणाऱ्या काही प्राध्यापकांनी मिरवणुकीचा भाग वर्गात दाखवण्यासाठी परवानगी मागितली, कारण उभ्या घरांचं तपशीलवार चित्र त्यांनाही दुर्मीळ होतं. गावात कॅसेटच्या प्रती पेन ड्राइव्हवर वाटल्या गेल्या. हे वाहिनीनं केलं नाही, कॅमेरामननं स्वतःहून केलं.

दोन ओळींच्या कबुलीची दखल कुणीच घेतली नाही, ना प्रेक्षकांनी, ना इतर माध्यमांनी. व्यवस्थापनाला ज्या गदारोळाची भीती होती तो झाला नाही. म्हणजे पूर्ण मिनिटही खपून गेलं असतं, असं निर्माती अजून म्हणते. मला वाटतं, मिनिटभर स्पष्ट सांगितलं असतं तर थोडा गदारोळ झालाही असता, आणि तो वाहिनीच्या पथ्यावर पडला असता.

जीव्ही फाइल सर्व्हरवर दुरुस्त झाली. तिचे दोन तुकडे करून वेगळी नावं दिली गेली. तरी पुढच्या वर्षी सकाळच्या बुलेटिनमध्ये ती म्हातारी पुन्हा आली. एका विभागीय ब्युरोच्या संगणकावर जुनी प्रत होती, तिथून दृश्य मागवलं गेलं. निर्मातीला ते घरी चहा पिताना दिसलं. तिनं पीसीआरला, म्हणजे बुलेटिन चालवणाऱ्या नियंत्रण कक्षाला, फोन केला तोवर बातमी पुढे सरकली होती.

तिच्या नोकरीचं म्हणाल तर बढती मिळाली नाही, पण बुलेटिनमधून सुटका झाली. दोन जणांचा छोटा माहितीपट विभाग निघाला, ती आणि तो एडिटर. पगार तोच.

वेगळं काय करता आलं असतं

क्रम उलटा हवा होता. विषय मंजूर झाला की आधी मुलाखती, मग संहिता, मग संकलनाच्या वेळी जुनी दृश्यं, असा बातमीतला क्रम तिनं इथेही पाळला. जुनी दृश्यं पहिल्या आठवड्यात, एक ओळही लिहिण्याआधी पाहिली असती तर कौलं तेव्हाच दिसली असती आणि बाहेरच्या संग्रहाकडचा अर्ज वेळेत गेला असता. लायब्ररीतल्या निवृत्त माणसाला एक फोन तेव्हाही करता आला असता. कोयना आणि दुष्काळाच्या वेळी ती हेच करत होती, पण तिथे दुसरा मार्गच नव्हता. फाइल हाताशी असली की तपासण्याची गरज वाटेनाशी होते.

पुढे ढकलण्याचा पर्याय तिनं मांडायला हवा होता, नाकारला जाणार हे माहीत असूनही. तो मांडला गेला नाही म्हणून घाईची किंमत काय, हा हिशेब कुणासमोर आलाच नाही. तिचं म्हणणं वेगळं आहे. तो शब्द उच्चारला असता तर विषयच रद्द झाला असता, आणि तिच्या जागी स्टुडिओत चर्चा बसली असती. वाहिनीच्या आतलं वारं तिला माझ्याहून जास्त ठाऊक आहे, हे मान्य.

समाजमंदिरातलं प्रदर्शन हेतूनं योग्य, आखणीनं कच्चं होतं. तीस वर्षांनी मेलेला मुलगा नाचताना दिसणं ही गर्दीत बसून पाहायची गोष्ट नाही. घराघरांत, लहान गटांत, आधी कल्पना देऊन, गावातल्या एखाद्या शिक्षिकेला किंवा आशाताईंना सोबत घेऊन हे करता आलं असतं. वेळ जास्त लागला असता, आणि वेळ नव्हता. पुन्हा तेच.

आजोबांबद्दल आमच्यात अजून एकमत नाही. त्यांना सांगायचं नाही हा तिचा निर्णय त्या क्षणापुरता मला बरोबर वाटतो. कॅमेऱ्यापुढे, चार माणसांत, म्हाताऱ्या माणसाच्या आठवणीवर बोट ठेवणं क्रूर झालं असतं. पण चूक त्यांची नव्हती, वाहिनीची होती. कॅमेरा गेल्यावर, त्यांच्या मुलाला बरोबर घेऊन, ‘बाबा, ते दृश्य आम्ही चुकीचं दाखवत होतो’ एवढं सांगणं हे वाहिनीचं देणं होतं. निर्माती म्हणते, सांगून त्यांना काय मिळालं असतं? ज्या माणसांना त्यांनी खरंच वाचवलं त्यांच्यावरही ते शंका घ्यायला लागले असते. विद्यार्थ्यांपुढे हे प्रकरण ठेवतो तेव्हा वर्ग इथे बरोबर मधोमध फुटतो.

नव्या विभागाच्या प्रस्तावात आता एक ठरावीक पान असतं: वापरायचं प्रत्येक जुनं दृश्य, ते कुणी कधी चित्रित केलं, ते कशावरून, आणि ही माहिती नसेल तर त्याऐवजी काय. त्याबरोबर संग्रहशोधाचा वेगळा खर्च आणि मुदत. पुढच्या विषयाला व्यवस्थापनानं तारीख दिली, खर्च नाकारला. निर्मातीनं तो स्लॉट परत केला.